पानखाऊ पक्ष्याची चोच: एका लाकडी नमुन्याच्या कामाच्या नोंदी

१६ जून २०२४, रविवार

कालच शाळा उघडली आणि आज कामाला सुरुवात केली. परळ भागातील आमच्या मराठी शाळेच्या ग्रंथालयात २४ ऑगस्टला मुलांचे छोटे निसर्गप्रदर्शन भरणार आहे, आणि त्यात पाने खाऊन जगणाऱ्या एका लहान पक्ष्याच्या डोक्याचा, उघडमीट होणाऱ्या चोचीसह, दहापट मोठा लाकडी नमुना ठेवायचा असे आम्ही ठरवले आहे. मी या शाळेतून विज्ञानाची शिक्षिका म्हणून निवृत्त झाले. माझ्याबरोबर नववीतील चार मुले आहेत आणि लाकूडकामासाठी कळव्याहून येणारे एक मिस्त्रीकाका आहेत. खर्चाची मर्यादा ५,००० रुपये आहे. पुढे कोणत्याही शाळेला असा नमुना करावासा वाटला तर आमच्या चुका तरी टाळता याव्यात, म्हणून या नोंदी ठेवते आहे.

विषय एका मुलीच्या प्रश्नातून आला. माझ्या गॅलरीतील जास्वंदीचे कोवळे शेंडे लालबुड्या बुलबुल कुरतडून नेतो, हे तिने पाहिले आणि विचारले, "बाई, पक्षी नुसती पाने खाऊन जगू शकतात का?" बुलबुलाचे पोट फळांवर आणि किड्यांवर चालते, कोवळा पाला तो अधूनमधून तोंडी लावतो, इतकेच. परंतु पाने हेच ज्याचे मुख्य अन्न आहे असे चिमणीपेक्षा थोडे मोठे पक्षी दक्षिण अमेरिकेत खरोखर आहेत. इंग्रजीत त्यांना प्लांटकटर म्हणतात. आम्ही त्यांच्यासाठी मराठीत 'पानकातऱ्या' हे नाव तयार केले. हे नाव पुढे आम्हाला महागात पडले, त्याची नोंद यथावकाश येईल.

१९ जून, बुधवार

दोन दिवस वाया गेले, आणि चूक माझी होती. मी मुलांना "पानांशी नाव जोडलेले पक्षी शोधा" असे मोघम सांगितले. त्यातील एकाने इंग्रजी नावावरून लीफबर्ड शोधला आणि दोन संध्याकाळी बसून हरेव्याचे मोठे रंगीत चित्र काढून आणले. चित्र इतके सुंदर होते की ते चुकीच्या पक्ष्याचे आहे हे सांगताना मला फार जड गेले. हरेवा आपल्याकडचाच आहे. बोरिवलीच्या राष्ट्रीय उद्यानात आणि कर्नाळ्याला तो दिसतो, इतर पक्ष्यांच्या आवाजांच्या उत्तम नकला करतो, आणि त्याचा रंग पानासारखा हिरवा असल्यामुळे त्याचे हे नाव पडले आहे. तो पाने खात नाही. किडे, फळे आणि फुलांतील मध हे त्याचे अन्न आहे. चित्र फुकट जाऊ नये म्हणून त्याचा वेगळा फलक करायचे ठरवले, आणि शेजारीच पाने शिवून घरटे करणारा पण पाने न खाणारा शिंपीही घ्यायचा. जे कोणी हा विषय घेतील त्यांनी पहिल्याच दिवशी मुलांना 'पानासारखा', 'पानात राहणारा' आणि 'पान खाणारा' हे तीन प्रकार वेगळे करून सांगावेत.

२३ जून, रविवार

आज फलकांचा मजकूर जुळवला. पानकातऱ्यांच्या फक्त तीन जाती आहेत. चिली आणि लगतच्या अर्जेंटिनात राहणारी तांबूस शेपटीची जाती मोलिना या चिलीच्या जेझुइट धर्मगुरूंनी १७८२ मध्ये शास्त्रीय नावाने नोंदवली. बोलिव्हिया, पॅराग्वे, अर्जेंटिना आणि उरुग्वे या देशांतील कोरड्या झुडुपी प्रदेशात राहणारी दुसरी जाती १८१८ मध्ये नोंदवली गेली. तिसरी जाती पेरूच्या वायव्य किनारपट्टीवरील अगदी मर्यादित पट्ट्यात राहते. तिची नोंद १८८३ ची आहे, म्हणजे आपल्या मुंबईत बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटी स्थापन झाली त्याच वर्षाची. ही तारीख मी मुद्दाम फलकावर घेतली, कारण मुलांना दूरच्या गोष्टीचे वर्ष लक्षात ठेवायला जवळची खुंटी लागते.

या पक्ष्यांना 'गाणारे' म्हणावे का, यावर आमची बरीच चर्चा झाली. ते झाडावर बसणाऱ्या पक्ष्यांच्या त्याच मोठ्या गणातले आहेत ज्यात चिमणी, बुलबुल आणि दयाळ येतात. पण या गणाच्या दोन मुख्य शाखांपैकी ज्या शाखेत स्वरयंत्राची रचना साधी असते, त्या शाखेत त्यांचे स्थान आहे. पूर्वी त्यांचे स्वतंत्र कुळ मानत असत, आता त्यांना कोटिंगा कुळात धरतात. त्या साध्या स्वरयंत्राच्या शाखेतला आपल्या ओळखीचा पक्षी म्हणजे नवरंग, जो जूनच्या सुमारास प्रवासाने थकून मुंबईत इमारतींच्या आवारात सापडतो. म्हणजे हा परदेशी पानखाऊ आपल्या बुलबुलापेक्षा आपल्या नवरंगाच्या अधिक जवळचा आहे. हे वाक्य फलकावर ठळक अक्षरांत घेतले आहे.

२७ जून, गुरुवार

रे रोडच्या लाकूडबाजारातून शिवणीचा ठोकळा आणला, ८५० रुपये. मिस्त्रीकाकांचे म्हणणे होते की शिवण हलकी असते, पटाशीला मऊ लागते आणि सहसा वाकत नाही. ठोकळा मात्र पुरेसा वाळलेला नव्हता. दुकानदाराने वाळलेला म्हणून दिला, आणि पावसाळ्यात लाकूड हातात घेऊन त्याचा ओलेपणा ओळखण्याइतका मला अनुभव नव्हता. मिस्त्रीकाकांना बरोबर नेले असते तर पुढचे दहा दिवस वाचले असते.

४ जुलै, गुरुवार

डोक्याचा ढोबळ आकार निघाला. मूळ पक्षी १८ ते २० सेंटिमीटर लांबीचा आणि साधारण ४० ग्रॅम वजनाचा असतो, त्यामुळे दहापट केलेले डोके फूटभर झाले आहे. चोच आखूड, जाड आणि शंकूसारखी ठेवली, आपल्या मुनियेच्या चोचीच्या धाटणीची. एका मुलाने ती जरा लांब आणि टोकदार करावी असे सुचवले, कारण लांब चोच पाहणाऱ्याला जास्त आवडते. मी नकार दिला. तिची सगळी ताकद तिच्या आखूडपणात आहे.

८ जुलै, सोमवार

रात्रीपासून अतोनात पाऊस. लोकल ठप्प, शाळांना सुट्टी, आणि मिस्त्रीकाका कळव्यालाच अडकले. ग्रंथालयाच्या खिडकीतून पाणी आत आले आणि खाली ठेवलेल्या ठोकळ्याने ते शोषून घेतले. संध्याकाळी गुडघाभर पाण्यातून शाळेत पोहोचले तेव्हा खालच्या चोचीला मुळापासून बोटभर लांबीची चीर गेलेली दिसली. चीर भुसा आणि फेविकॉलने भरता येईल असे वाटले होते, पण पुढच्या तीन दिवसांत ती दुप्पट झाली. शेवटी खालची चोच नव्या लाकडाची करावी लागली. ६२० रुपये आणखी गेले. या वेळी जुन्या दरवाजाच्या चौकटीचे मुरलेले सागवान घेतले. ते कोरायला कठीण आहे, पण हलत नाही. लाकूड जमिनीवर कधीही ठेवू नये, ही साधी गोष्ट मी लिहून ठेवते, कारण ती मला ठाऊक असूनही मी पाळली नाही.

१२ जुलै, शुक्रवार

आज दाते बसले आणि आम्ही सगळे फार आनंदात होतो. या पक्ष्याच्या चोचीच्या कडांना करवतीसारखे बारीक दाते असतात. आम्ही नागदेवी स्ट्रीटवरून हॅकसॉची पाती आणली, त्यांचे तुकडे करून दोन्ही चोचींच्या कडांमध्ये खाच पाडून बसवले, आणि मागे बिजागरी लावली. खिळे, पाती, बिजागरी आणि स्प्रिंग मिळून ४३० रुपये झाले. चोच मिटली की त्यात धरलेले जास्वंदीचे पान कात्रीने कापावे तसे सरळ दोन तुकडे होऊन पडायचे. मुलांनी तासभर पाने कापली. पात्यांची धार उघडी असल्याने एकाच्या बोटाला चिरा गेला, तरीही आम्हाला नमुना उत्तम जमला असेच वाटले. १४ तारखेला पाच फलक छापूनही घेतले, त्यांतील तीन 'पानकातऱ्या' या नावाने, प्रत्येकी ३८० प्रमाणे १,९०० रुपये.

१८ जुलै, गुरुवार, आषाढी द्वादशी

या कामातील सर्वांत महत्त्वाचा दिवस स्वयंपाकघरात गेला, त्यामुळे त्याची नोंद सविस्तर करते.

एकादशीच्या उपवासानंतर आमच्याकडे द्वादशीला वाघाटीची भाजी लागतेच. सकाळी दादरच्या मंडईतून वाघाटी आणली आणि सोलता सोलता लक्षात आले की पेरूच्या पानकातऱ्याच्या रानातले एक मुख्य झाड याच वाघाटीच्या नात्यातले आहे. त्या कोरड्या किनारी रानात स्थानिक लोक ज्याला सपोते म्हणतात ते सदाहरित झाड वाघाटीच्या कुळातले, आणि अल्गारोबो हे दुसरे झाड आपल्या शमीच्या व वेड्या बाभळीच्या नात्यातले. तिथे पाऊस फार थोडा पडतो, पण ही झाडे वर्षभर हिरवी राहू शकतात, आणि पानांवर जगणाऱ्या पक्ष्याला नेमके तेच हवे असते, कारण फळांचा आणि किड्यांचा हंगाम असतो, हिरव्या पानाचा तिथे वर्षभर पुरवठा असतो. फलकासाठी ही जोडी मिळाली याचा आनंद झाला.

तेवढ्यात सासूबाईंनी नमुन्याची चौकशी केली. त्या ८४ वर्षांच्या आहेत आणि मुलांनी कापलेल्या पानांचा खच त्यांनी माझ्या पिशवीत पाहिला होता. मी सांगितले की पक्षी पाने अशी कापतो आणि खातो. त्या कोथिंबीर निवडत होत्या. त्या म्हणाल्या, "अगं, चिरलेल्या कोथिंबिरीचा रस कुठे निघतो? चटणी करायची तर वाटायला लागते. तुकडे गिळून त्या एवढ्याशा जिवाचं काय भागणार?"

मी हातातली वाघाटी खाली ठेवली. त्यांचा प्रश्न अगदी बरोबर होता आणि तो मी शिक्षिका असून स्वतःला विचारला नव्हता. पान म्हणजे बहुतांशी पाणी आणि तंतू. जे पोषक आहे ते पेशींच्या आत असते, आणि पेशींच्या भिंती पचवणारी पाचके पक्ष्याच्या स्वतःच्या शरीरात नसतात. गाय हे काम पोटातल्या सूक्ष्मजीवांकडून करून घेते, पण त्यासाठी मोठे पोट आणि पुष्कळ वेळ लागतो. पक्ष्यांमध्ये दक्षिण अमेरिकेतलाच होआत्झिन असे करतो. त्याच्या गळ्याखालच्या पिशवीत पाने आंबतात, आणि ती पिशवी एवढी मोठी असते की उडण्याच्या स्नायूंना जागा कमी पडते व तो जेमतेमच उडतो. होआत्झिन कोंबडीच्या बांध्याचा आहे. ४० ग्रॅमच्या पक्ष्याने असा हंडा घेऊन उडणे शक्यच नाही.

दुपारी पुन्हा सगळी माहिती काढून बसले, आणि जे मी आधी वाचूनही नीट समजून घेतले नव्हते ते समोर आले. या पक्ष्यांच्या पोटात आंबवण्याची व्यवस्था नाही. त्यांचे आतडे आखूड आणि रुंद आहे, अन्न त्यातून लवकर पुढे सरकते. पेशी फोडण्याचे काम ते आधीच, चोचीत, उरकतात. दातेरी कडांमध्ये पान चिरडून, मळून त्याचा लगदा केला जातो, रसातले पोषक द्रव्य शरीर पटकन घेते, आणि तंतूंच्या मागे न लागता चोथा बाहेर टाकला जातो. फांदीवरून पान तोडणे ही या कामाची केवळ सुरुवात आहे. ही चोच मुख्यतः पाट्या-वरवंट्याचे काम करते, आणि आम्ही तिची कात्री करून ठेवली होती.

नमुना चुकला होता, आणि ज्या नावावर विसंबून तो चुकला ते नाव तीन फलकांवर छापून झाले होते. पानकातऱ्या हे नाव इंग्रजीवरून घेतले, आणि इंग्रजी नाव शास्त्रीय नावातील 'वनस्पती कापणारा' या ग्रीक अर्थावरून आले. मोलिना यांच्या काळापासून चिलीतील शेतकऱ्यांनी या पक्ष्याला रोपे आणि फळझाडांच्या कळ्या तोडताना पाहिले, त्यावर राग धरला, आणि त्यांना दिसलेली तोडणी नावात उतरली. तोडल्यानंतर चोचीच्या आत काय होते हे बागेच्या कुंपणापासून दिसण्यासारखे नव्हते.

२० जुलै, शनिवार

नवी चोच करण्याआधी मुलांना फरक हाताने कळावा म्हणून प्रयोग ठरवला. सारख्या वजनाचा पालक दोन वाट्यांत घ्यायचा. एक कात्रीने कापायचा, दुसरा दातेरी पकडीत चिरडायचा. दोन्हींत सारखे पाणी घालून, ठरावीक वेळाने मलमलच्या फडक्यातून गाळून रंग पाहायचा.

पहिला प्रयत्न फसला, कारण मुलांनी गरम पाणी घेतले आणि दोन्ही वाट्या हिरव्या झाल्या. दुसऱ्यांदा थंड पाणी घेतले, पण वाट्या दुपारच्या सुट्टीपर्यंत तशाच राहिल्या आणि फरक पुसट झाला. तिसऱ्यांदा पालकाऐवजी जास्वंदीची पाने वापरली, तर चिरडलेल्या पानांचा चिकट बुळबुळीतपणा फडक्यात अडकून काहीच गळेना. चौथ्या वेळी जमले: ५ ग्रॅम पालक, १०० मिलिलिटर साधे पाणी, दहा मिनिटे, एकदाच ढवळणे. कापलेल्या पालकाचे पाणी जवळजवळ स्वच्छ राहिले आणि चिरडलेल्याचे गडद हिरवे झाले. नंतर गुळगुळीत पकडीनेही करून पाहिले. तिच्यात ओले पान सटकते. दाते असलेल्या पकडीत ते धरले जाते आणि प्रत्येक दाबाबरोबर नव्या जागी फुटते. दाते कशासाठी आहेत याचे यापेक्षा चांगले उत्तर मला वर्गात कधी देता आले नसते.

२८ जुलै, रविवार

आठवडाभर चोच नव्याने करण्याचे काम चालले. हॅकसॉची पाती काढून टाकली. त्यांच्या खाचा एम-सीलने बुजवल्या आणि आतल्या बाजूला कडेपासून अंगठ्याएवढी रुंद सपाट जागा तासली. मिस्त्रीकाकांनी त्रिकोणी कानशीने त्या जागेत बोथट दात्यांच्या रांगा पाडायला घेतल्या. सागवानाच्या खालच्या चोचीत त्या उत्तम उठल्या. शिवणीच्या वरच्या चोचीत मात्र रेषेच्या दिशेने दाते उडू लागले; पहिल्या रांगेतील अकरापैकी चार तुटले. तेव्हा वरच्या चोचीसाठी त्यांनी बांबूच्या खुंट्या केल्या, भोके पाडून एपॉक्सीने बसवल्या आणि वर कानस फिरवली. एपॉक्सीला ३६० रुपये लागले. दमट हवेत ते चोवीस तासांतही पुरते सुकले नाही, त्यामुळे मंगळवारी घाईने केलेल्या चाचणीत दोन खुंट्या वाकल्या. अशा दिवसांत दोन पूर्ण दिवस थांबावे.

दात्यांएवढीच महत्त्वाची आणखी एक दुरुस्ती बिजागरीची होती. कात्रीसारखी चोच करताना आम्ही बिजागरी अगदी मागे, एकाच बिंदूवर लावली होती. त्यामुळे चोच नुसती वरखाली मिटत असे. आता बिजागरीचा खिळा थोड्या लांबट भोकात बसवला आहे, म्हणजे मिटताना खालची चोच किंचित मागेपुढे करता येते आणि पान घासले जाते. ही सोय हाताने चालवणाऱ्याला रगडणे जाणवावे म्हणून आम्ही केली आहे. जिवंत पक्ष्याच्या जबड्याची ती प्रतिकृती नाही, आणि तसे नमुन्याच्या पायथ्याशी लिहिलेही आहे.

४ ऑगस्ट, रविवार

सोलापूरच्या नातेवाइकांनी वेड्या बाभळीची काटेरी फांदी पाठवली. ती पेरूच्या अल्गारोबोची जवळची नातलग म्हणून फलकाशेजारी ठेवायची होती. पण एका मुलाने विचारले, "ही तर आपल्याकडे सगळे तोडायलाच सांगतात ना?" प्रश्न योग्य होता. आपल्याकडे वेडी बाभूळ बाहेरून आणलेली आहे आणि गायरानांवर पसरून बसली आहे. पेरूच्या किनाऱ्यावर अल्गारोबो मूळचा आहे. तिथे तो कोळशासाठी आणि सरपणासाठी तोडला जातो, सपाट जमिनीवरचे रान साफ करून ऊस लावला जातो, आणि त्यामुळेच ती तिसरी जाती धोक्यात आली आहे. शिल्लक पक्षी तुकड्यातुकड्यांच्या रानांत राहतात. तालारा भागातील झुडुपी रान हे त्यांपैकी एक मोठे ठिकाण, आणि पोमाकचे संरक्षित जंगल दुसरे. ज्या पक्ष्याला बारा महिने त्याच झाडांची पाने लागतात, त्याला झाड गेल्यावर दुसरीकडे जाण्यासारखी जागा त्या वाळवंटी किनाऱ्यावर फारशी नाही. एकाच नात्यातील दोन झाडांविषयी दोन ठिकाणी उलट भूमिका का घ्यावी लागते, याची चार ओळींची चिठ्ठी फांदीला बांधली. ती लिहायला मुलांना अख्खी सकाळ लागली आणि माझ्या मते ती संपूर्ण प्रदर्शनातील सर्वांत चांगली चार वाक्ये आहेत.

९ ऑगस्ट, शुक्रवार

रंगकाम. नमुना चिलीतील तांबूस शेपटीच्या जातीच्या नराचा आहे: डोक्याचा माथा तांबूस, चेहऱ्याच्या बाजू काळपट, गालाखाली पांढुरका पट्टा, डोळा लाल. मुलांनी घाईत डोळा पिवळा केला आणि रंग वाळेपर्यंत माझ्या लक्षात आले नाही. खरवडून पुन्हा रंगवला. मादी वेगळी, तपकिरी आणि रेघारेघांची असते. तिचे चित्र शेजारी लावले आहे, नाहीतर सगळ्यांना नरच आठवतो. रंग, पॉलिश पेपर आणि कुंचले मिळून ५४० रुपये. दात्यांवर मुद्दाम रंग लावला नाही, कारण तिथे पाने रगडायची आहेत. पहिल्यांदा लावलेला रंग पाल्याबरोबर निघून आला होता.

१३ ऑगस्ट, मंगळवार

आवाजाची जोडणी झाली. चिलीत या पक्ष्याला 'रारा' म्हणतात, आणि ते नाव त्याच्या आवाजावरून पडले आहे. गोड शीळ नाही. बेडकाच्या घोगऱ्या आवाजासारखी किंवा न तेलवलेल्या दाराच्या करकरीसारखी खरखर आहे. ध्वनिमुद्रण लावण्यापेक्षा मुलांनी लाकडी दातेरी चाकावर बांबूची पातळ पट्टी बसवून मुठीने फिरवायची करकरी तयार केली. जाड पट्टीचा आवाज फार मोठा येत होता आणि ग्रंथपालांनी तक्रार केली. तिसऱ्यांदा तासल्यावर हवा तसा दबका आवाज आला. खर्च नाही.

१७ ऑगस्ट, शनिवार

तीन फलक पुन्हा छापले: १,१४० रुपये. नाव बदलून 'पानखाऊ' केले, कारण या नावात पक्षी पान कसे तोडतो याविषयी काहीच दावा नाही. बाकीच्या दोन फलकांवर हरेवा, शिंपी आणि होआत्झिन असल्याने नाव येत नव्हते. एका फलकावर मी माझी चूक लिहिली आहे: 'आम्ही आधी ही चोच कात्रीसारखी केली होती.' खाली जुन्या पात्यांचा एक तुकडा, धार बोथट करून, डकवला आहे.

एकूण हिशेब: लाकूड ८५० अधिक ६२०, लोखंडी सामान ४३०, एपॉक्सी ३६०, रंग ५४०, छपाई १,९०० अधिक १,१४०, पालक, फडकी आणि किरकोळ ३००. बेरीज ६,१४० रुपये, म्हणजे मर्यादेच्या वर १,१४०, आणि ही रक्कम बरोबर दुसऱ्या छपाईएवढी आहे. फलक नमुना पूर्ण होऊन चालवून पाहिल्याशिवाय छापू नयेत. मिस्त्रीकाकांनी अकरा संध्याकाळींची मजुरी घेतली नाही. इतर शाळांनी ती हिशेबात धरावी.

२४ ऑगस्ट, शनिवार

प्रदर्शन सकाळी नऊ ते पाच चालले. चोच दिवसभर सतत चालू होती. पालक अकरा वाजताच संपला, मग मंडईतून तीन जुड्या आणखी आणल्या. दुपारी वरच्या चोचीची एक बांबूची खुंटी सैल झाली; तिच्याभोवती दोरा गुंडाळून तात्पुरते भागवले. एका लहान मुलाने कडक आंब्याचे जुने पान घातले आणि ते रगडलेच जाईना, तेव्हा रांगेतल्या मोठ्या मुलीने त्याला कोवळे पान देऊन सांगितले की पक्षीही कोवळेच पाहून घेतो. ते तिने फलकावर वाचलेले नव्हते, तिच्या हाताला कळले होते.

सासूबाईंना मी रिक्षाने घेऊन आले होते. त्यांनी चोचीत कोथिंबिरीची काडी घातली, तीनदा रगडली, बोटाने लगदा काढून हुंगला आणि म्हणाल्या, "आता झाली वाटून."

२५ ऑगस्ट, रविवार

आवराआवर. जुन्या दातघासणीने दाते साफ केले. सागवानाच्या खालच्या चोचीवरचा हिरवा डाग दात्यांच्या मुळाशी मुरला आहे, साबणाने गेला नाही. मिस्त्रीकाका कानस फिरवून काढून देतो म्हणाले. तो तसाच राहू द्यावा असे मुलांनी सांगितले आणि मलाही ते पटले. सैल खुंटी सोमवारी शाळा सुटल्यावर नव्याने बसवायची आहे, आणि या वेळी दोन पूर्ण दिवस सुकू द्यायची आहे.